बाखचे धार्मिक संगीत आणि अर्थाचे अधिष्ठान

योहान सेबास्टियन बाख (१६८५–१७५०) या जर्मन संगीतकाराच्या धार्मिक रचनांविषयी गेल्या दोन शतकांत विपुल लेखन झाले असून, त्यात परस्परविरोधी भूमिका घेणारे अभ्यासकही एकाच प्रश्नापाशी पुन्हा पुन्हा येऊन थांबतात : स्वरांना स्वतःचा असा अर्थ असतो काय, आणि असलाच तर तो धार्मिक असू शकतो काय? शब्द विधान करतात आणि विधान खरे किंवा खोटे ठरू शकते. पण स्वरांची एखादी आकृती कितीही हृद्य असली, तरी मनुष्य पापी आहे किंवा ईश्वर कृपाळू आहे असे ती सांगू शकत नाही. असे असूनही बाखच्या रचनांत ख्रिस्ती धर्मविचार प्रत्यक्ष ऐकू येतो, अशी साक्ष श्रद्धावंतांनी तर दिलीच आहे, पण ज्यांचा त्या धर्माशी काही संबंध उरलेला नाही अशा श्रोत्यांनीही दिली आहे. या अर्थाचा शोध अभ्यासकांनी कधी स्वराकृतींत, कधी आकड्यांत, तर कधी रचनाकाराच्या श्रद्धेत घेतला. रचनांची अंतर्गत साक्ष मात्र असे सुचवते की तो यांपैकी कोणत्याही एका ठिकाणी सुटा सापडत नाही. स्वर, शब्द आणि श्रोत्याला देऊ केलेली जागा या तिहींच्या परस्परसंबंधात तो घडतो.

या प्रश्नाचा विचार करताना बाखचे संगीत कोणत्या प्रसंगी वाजत होते हे आधी ध्यानात घ्यावे लागते. १७२३ मध्ये तो लाइपझिग येथे संत थॉमस शाळेचा कांटोर, म्हणजे शाळेतील संगीतशिक्षक आणि शहरातील प्रमुख चर्चांच्या संगीताचा व्यवस्थापक, म्हणून रुजू झाला आणि अखेरपर्यंत तेथेच राहिला. रविवारच्या उपासनेत शुभवर्तमानाचे वाचन झाले की त्या दिवसाच्या पाठाला धरून रचलेला कांटाटा, म्हणजे गायक आणि वाद्यवृंद यांच्यासाठी अनेक खंडांत बांधलेली रचना, सादर होई आणि त्यानंतर प्रवचन होई. उत्तम शुक्रवारी संध्याकाळच्या उपासनेत गायिले जाणारे ‘पॅशन’, म्हणजे येशूच्या दुःखभोगाचे संगीतमय कथन, दोन भागांत विभागलेले असे आणि त्या दोन भागांच्या मध्ये प्रवचन असे. मार्टिन ल्यूथरच्या परंपरेत प्रवचनाची दोन अंगे मानली जात : एक पाठाचे स्पष्टीकरण आणि दुसरे त्या पाठाचा श्रोत्याच्या जीवनाशी जोडलेला विनियोग. ख्रिस्त मरण पावला एवढे जाणणे म्हणजे विश्वास नव्हे. तो ‘माझ्यासाठी’ मरण पावला हे स्वीकारणे म्हणजे विश्वास, अशी ल्यूथरची धारणा होती. बाखचे संगीत या दोन अंगांच्या अगदी शेजारी, प्रवचनाला खेटून उभे होते, ही गोष्ट त्याच्या अर्थाच्या चर्चेत पुष्कळदा मागे पडते.

बाखच्या काळातील संगीतविचाराला स्वरांच्या भाववाहकतेविषयी शंका नव्हती. बरोक कालखंडात, म्हणजे स्थूलमानाने १६०० ते १७५० या काळात, संगीताचे प्रयोजन श्रोत्याच्या चित्तवृत्ती जागृत करणे हे मानले जाई. रने देकार्तने १६४९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात आश्चर्य, प्रेम, द्वेष, इच्छा, आनंद आणि दुःख या सहा मूळ वृत्ती सांगून त्यांचे शरीराशी असलेले नाते उलगडले. पुढच्याच वर्षी आथानासिउस किर्खर या जेझुइट पंडिताने संगीत आणि वृत्ती यांच्या संबंधाचा विस्तृत ग्रंथ लिहिला. आणि १७३९ मध्ये योहान माटेझोनने कोणत्या वृत्तीला कोणती स्वरगती साजते याचे विवेचन केले. दुसरीकडे योआखिम बुर्माइस्टरने १६०६ मध्येच वक्तृत्वशास्त्रातील अलंकारांच्या धर्तीवर संगीतातील अलंकारांना नावे दिली होती. खाली उतरत जाणारी स्वरपंक्ती अवनती किंवा मृत्यू सुचवते, वर चढणारी पंक्ती उत्थान सुचवते, अर्धस्वरांनी पायरीपायरीने घसरणारी पंक्ती वेदना सुचवते, आणि ओळ मध्येच तोडणारा विराम उसासा सुचवतो, असे हे संकेत होते.

विसाव्या शतकाच्या प्रारंभी जर्मन संगीतशास्त्रज्ञांनी या विखुरलेल्या विचारांना एका सुसंघटित ‘वृत्तिसिद्धान्ता’चे रूप दिले आणि जणू बरोक संगीतकारांजवळ भावनांचा एखादा सर्वमान्य कोशच होता, असा समज रूढ झाला. पुढे जॉर्ज ब्यूलोसारख्या अभ्यासकांनी दाखवून दिले की असा एकसंध सिद्धान्त त्या काळी अस्तित्वात नव्हता. निरनिराळे लेखक एकाच स्वराकृतीला निरनिराळी नावे देत आणि एकाच नावाखाली निरनिराळ्या आकृती घालत. वक्तृत्वाशी संगीताचे साम्य बाखला ठाऊक होते, याला मात्र समकालीन पुरावा आहे. योहान आडोल्फ शाइबे याने १७३७ मध्ये बाखच्या रचना बोजड आणि गुंतागुंतीच्या असल्याची टीका केली, तेव्हा लाइपझिग विद्यापीठात वक्तृत्वशास्त्र शिकवणाऱ्या योहान आब्राहाम बिर्नबाउमने बाखच्या बाजूने लेखणी उचलली आणि या दोन कलांच्या साधर्म्याची बाखला असलेली जाण आवर्जून नोंदवली. तेव्हा संकेत होते, त्यांची जाणही होती. नव्हता तो फक्त कोश.

बाखच्या अर्थनिर्णयनाचा आधुनिक इतिहास फिलिप स्पिट्टाच्या १८७३ ते १८८० या काळात प्रसिद्ध झालेल्या द्विखंडात्मक चरित्रापासून सुरू होतो. स्पिट्टाने बाखला ल्यूथरच्या चर्चचा आदर्श संगीतकार म्हणून उभे केले आणि त्याच्या वाद्यसंगीताकडेही ऑर्गनच्या, म्हणजे पर्यायाने चर्चच्या, अंगाने पाहिले. आल्बर्ट श्वाइट्झरने १९०५ मध्ये फ्रेंचमध्ये आणि १९०८ मध्ये वाढवून जर्मनमध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात याहून वेगळी वाट धरली. पॅरिसमध्ये त्याचे ऑर्गनचे गुरू शार्ल-मारी विदोर यांना बाखच्या कोरालांवर आधारलेल्या ऑर्गनरचनांतील काही वळणे अनाकलनीय वाटत. कोराल म्हणजे ल्यूथरपंथीय उपासनेत सर्व मंडळींनी मिळून गायचे स्तोत्र. या रचनांत स्वर त्या स्तोत्रांच्या शब्दांचे चित्र रेखाटतात, असे शिष्याने गुरूला दाखवून दिले आणि त्यातूनच ग्रंथाची कल्पना निघाली. श्वाइट्झरने बाखच्या रचनांतून आनंदाचा, शोकाचा, पावलांचा असे ठरावीक आकृतिबंध वेगळे काढले आणि बाख हा स्वरांनी चित्रे काढणारा कवी आहे, असे प्रतिपादन केले. आंद्रे पिरो याने १९०७ मध्ये जवळजवळ याच दिशेने अधिक तपशीलवार अभ्यास मांडला.

श्वाइट्झरच्या पद्धतीचे सामर्थ्य आणि मर्यादा एकाच लहानशा रचनेत पाहता येतात. ‘ऑर्गनची लहान पुस्तिका’ या संग्रहात आदामाच्या पतनाविषयीच्या कोरालवर बांधलेली एक छोटी रचना आहे. तिच्यात वरच्या पंक्तीत स्तोत्राची चाल सरळ वाजत असते, मधल्या पंक्ती अर्धस्वरांत सापासारख्या वळवळतात, आणि पायांनी वाजवायच्या खर्जाच्या पंक्तीत स्वर सप्तकाच्या सातव्या अंतरापर्यंत एकदम खाली कोसळतात, थांबतात, पुन्हा वर येऊन पुन्हा कोसळतात. ही आकृती पतनाची आहे हे उघड आहे. पण पतन कशाचे? दगडाचे, राजाचे, की मनुष्यजातीचे? याचे उत्तर खर्जाच्या पंक्तीत नाही. ते लाइपझिगच्या किंवा बाख आधी जेथे होता त्या वायमारच्या त्या श्रोत्याच्या स्मरणात आहे, ज्याने लहानपणापासून ते स्तोत्र गायिलेले आहे आणि ज्याच्या कानात चाल वाजताच शब्द आपोआप उभे राहतात. येथे कोणी गात नाही, तरीही शब्द हजर आहेत. श्वाइट्झरला चित्र अचूक दिसले. पण ते ओळखण्यासाठी कोरालचे शब्द हाताशी असावे लागतात, ही अट त्याने सिद्धान्ताच्या पातळीवर पुरेशी मोजली नाही.

दुसऱ्या महायुद्धानंतर स्पिट्टाने घडवलेल्या प्रतिमेला मोठा धक्का बसला. आल्फ्रेड ड्युर आणि गेओर्ग फोन डाडेल्सेन यांनी कागदावरील जलचिन्हे, नकलकारांची हस्ताक्षरे आणि बाखच्या हस्ताक्षरातील बदल यांचा सूक्ष्म अभ्यास करून १९५० च्या दशकात नवा कालक्रम सिद्ध केला. त्यानुसार लाइपझिगमधील बहुतेक कांटाटे पहिल्या काही वर्षांतच लिहिले गेले होते. हा आधार घेऊन फ्रीड्रिख ब्लूमेने १९६२ मध्ये असे मांडले की बाख हा मनाने चर्चचा सेवक नव्हताच. कांटोरपद त्याने नाइलाजाने पत्करले आणि लवकरच त्यातून मन काढून घेतले. बाखने १७३० मध्ये आपला बालमित्र गेओर्ग एर्डमान याला लिहिलेल्या पत्रात लाइपझिगची हवा निरोगी असल्याने अंत्यविधी कमी होतात आणि त्यामुळे आपले उत्पन्न घटते, अशी तक्रार केली आहे. तिचीही आठवण अशा वेळी करून दिली जाते. याच्या उलट पारड्यात आब्राहाम कालोव्ह या धर्मपंडिताने भाष्यासह संपादित केलेल्या बायबलची बाखच्या संग्रहातील त्रिखंडात्मक प्रत पडते. सध्या अमेरिकेतील सेंट लुइस येथे असलेल्या या प्रतीवर बाखची सही आणि १७३३ हे साल आहे. बायबलमधील ‘इतिहास’ या नावाच्या पुस्तकांत दाविदाने मंदिरातील गायकवादकांची व्यवस्था लावल्याचा जो भाग आहे, त्याच्या समासात बाखने तो भाग देवाला प्रिय असलेल्या सर्व चर्चसंगीताचा पाया असल्याचा अभिप्राय आपल्या हाताने लिहिला आहे. त्याच्या मृत्यूनंतर केलेल्या मालमत्तेच्या यादीतही धर्मशास्त्रीय ग्रंथांची संख्या पन्नासाहून अधिक भरते.

बाखच्या वैयक्तिक श्रद्धेचा प्रश्न या पुराव्याने ब्लूमेच्या विरुद्ध बाजूला झुकतो, हे आता बहुतेकांना मान्य आहे. पण त्याने संगीताच्या अर्थाचा प्रश्न सुटतो काय? रचनाकार श्रद्धावान होता एवढ्यावरून त्याची रचना श्रद्धेचा आशय वाहते, असे अनुमान काढता येत नाही. भाविक सुताराने केलेली खुर्ची भाविक होत नाही. उलट रचनाकाराची श्रद्धा डळमळीत असती, तरी त्याच्या हातून प्रखर धार्मिक रचना होणे अशक्य नव्हते. चरित्र हे अर्थनिर्णयनाला दिशा देऊ शकते, पण त्याचे प्रमाण होऊ शकत नाही.

अर्थ रचनेतच, पण कानाला न कळेल अशा जागी दडलेला आहे, असे मानणारा तिसरा पक्ष आकड्यांचा आहे. फ्रीड्रिख स्मेंडने १९४० च्या दशकापासून असे प्रतिपादन केले की अक्षरांना क्रमांक देणारी जी वर्णमाला त्या काळी प्रचलित होती तिच्यानुसार बाखच्या नावातील चार अक्षरांची बेरीज १४ होते, आणि १४ हा आकडा, तसेच इतर काही सांकेतिक आकडे, बाखने स्वरांच्या आणि मात्रांच्या संख्येत गुंफले आहेत. या पद्धतीला पुढे असंख्य अनुयायी मिळाले आणि मोजणाऱ्याला हवा तो आकडा कोठेतरी सापडतोच, अशी स्थिती आली. रूथ टॅटलोने १९९१ मध्ये या वर्णमालांचा इतिहास तपासला, तेव्हा त्या खरोखर वापरात होत्या, पण त्यांचा उपयोग मुख्यतः काव्यातील चमत्कृतीसाठी होत असे, असे दिसून आले. संगीतरचनेची पद्धत म्हणून त्यांचा वापर होत असल्याला आधार मिळाला नाही.

‘मत्तयकृत पॅशन’मधील एक स्थळ या दृष्टीने विशेष उद्‌बोधक आहे. ही रचना ११ एप्रिल १७२७ रोजी, उत्तम शुक्रवारी, संत थॉमस चर्चमध्ये प्रथम सादर झाली असे आज मानले जाते. अखेरच्या भोजनाच्या वेळी तुमच्यापैकी एक जण मला धरून देईल असे येशू सांगतो आणि शिष्य घाबरून, तो मी तर नाही ना, असे एकामागून एक विचारू लागतात. बाखने हा प्रश्न समूहाच्या तोंडी अत्यंत घाईत, आवाजांवर आवाज आदळवत बांधला आहे, आणि ‘प्रभू’ ही हाक त्यात अकरा वेळा येते. शिष्य बारा, म्हणजे एकाने विचारले नाही, आणि तो एक यहूदा, असा याचा उलगडा केला जातो. हा उलगडा सुरेख आहे आणि कदाचित अभिप्रेतही असेल. पण चर्चमध्ये बसलेला कोणताही श्रोता त्या धावपळीत हाका मोजू शकत नाही. त्याला ऐकू येते ते त्यापुढचे. प्रश्नाचा शेवटचा स्वर विरतो न विरतो तोच, येशूच्या उत्तराची वाट न पाहता, सर्वांच्या परिचयाच्या चालीवर पाउल गेरहार्टच्या स्तोत्रातील एक कडवे संथपणे सुरू होते, आणि त्यातील बोलणारा कबूल करतो की तो अपराधी मीच आहे, शिक्षा मलाच व्हायला हवी होती. प्रश्न शिष्यांचा, सतराशे वर्षांपूर्वीचा. उत्तर उपासनेला आलेल्या माणसाचे, आत्ताचे. पाठाचे स्पष्टीकरण आणि त्याचा विनियोग ही प्रवचनाची दोन अंगे येथे एका श्वासाच्या अंतराने एकमेकांना भिडतात. अकरा या आकड्यात गूढ असेल. अर्थ मात्र त्या दोन खंडांच्या सांध्यात आहे आणि तो ऐकणाऱ्याला ऐकू येतो.

स्वराकृतींत निश्चित अर्थ साठवलेला असतो या मताची सर्वांत कठोर परीक्षा बाखने स्वतःच घेतली आहे. जुन्या रचनेला नवे शब्द बसवून तिचा पुनर्वापर करण्याला संगीतशास्त्रात ‘पॅरडी’ म्हणतात. या संज्ञेत उपहासाची छटा नाही. ५ सप्टेंबर १७३३ रोजी सॅक्सनीच्या बालयुवराजाच्या वाढदिवसानिमित्त बाखने हर्क्युलिसच्या कथेवर एक दरबारी कांटाटा सादर केला. त्यात सुखलोलुपता ही मूर्तिमंत होऊन तरुण हर्क्युलिसला भुलवू पाहते आणि त्याला निजवणारे एक मोहक अंगाईगीत गाते. पुढे हर्क्युलिस तिचा निर्धाराने धिक्कार करतो. सव्वा वर्षानंतर, १७३४ च्या नाताळात, ‘नाताळ ऑरेटोरिओ’मध्ये हीच दोन गीते नव्या शब्दांनिशी अवतरली. मोहिनीचे अंगाईगीत गव्हाणीतल्या बाळ येशूचे झाले, आणि धिक्काराचे गीत सियोनकन्येने आपल्या प्रियतमाच्या स्वागताला हळुवार मनाने सज्ज व्हावे, या आवाहनाचे झाले. पापाचा पाळणा आणि पुण्याचा पाळणा एकच. नकार आणि उत्कंठा यांचीही चाल एकच.

अठराव्या शतकातील हँडेलच्या अशाच पुनर्वापराकडे बोट दाखवून संगीतसमीक्षक एदुआर्द हान्सलिकने १८५४ मध्ये संगीतात विशिष्ट भावना वसत नाही, त्याचा आशय म्हणजे नादाचे गतिमान आकार एवढाच, असा सिद्धान्त मांडला. तत्त्वज्ञ पीटर किव्हीने १९८० मध्ये त्याला मुरड घातली : स्वरांचा चढउतार मानवी बोलण्याच्या आणि हालचालीच्या चढउताराशी मिळताजुळता असतो, त्याला रूढ संकेतांची जोड मिळते, आणि म्हणून संगीत दुःखी किंवा आनंदी ‘दिसते’, पण ते दुःख कशाविषयी आहे हे ते सांगत नाही. भारतीय काव्यशास्त्राची परिभाषा बाखला अर्थातच अपरिचित होती. तरीही या मुद्द्याची नेमकी उकल तिच्या साहाय्याने होते. भरतापासून चालत आलेल्या विवेचनानुसार भाव जागा होण्यासाठी त्याला विषय लागतो, तो आलंबनविभाव. भाव देहातून प्रकट होतो; ते अनुभाव. स्वर अनुभाव देतात, म्हणजे थरथर, उसासा, झुलवणे, माघार घेणे, झेप घेणे हे सारे ते प्रत्यक्ष दाखवतात. आलंबन मात्र त्यांच्याजवळ नसते, ते शब्दांकडून किंवा प्रसंगाकडून यावे लागते. अंगाईगीतातील हिंदोळा हा वात्सल्याचाही अनुभाव होऊ शकतो आणि प्रलोभनाचाही, कारण कुशीत घेण्याची क्रिया दोहोंत समान आहे.

तथापि यावरून स्वर निमूटपणे कोणत्याही शब्दांना वाट करून देतात, असा निष्कर्ष काढणे घाईचे ठरेल, कारण बाख पुनर्वापर करताना रचना जशीच्या तशी उचलत नाही. हर्क्युलिसच्या धिक्काराला नुसत्या व्हायोलिनांची साथ होती. सियोनच्या आवाहनात तिच्या जोडीला मृदू नादाचा ओबो दामोरे येतो. अंगाईगीताची पट्टी बदलते, गायनस्वर बदलतो आणि बासरी आवाजाला सोबत करू लागते. याहून बोलके उदाहरण ‘बी मायनर मास’मधील, म्हणजे उपासनाविधीच्या पाठावर बांधलेल्या रचनेतील, वधस्तंभारोहणाच्या खंडाचे आहे. या खंडाचे मूळ १७१४ मध्ये वायमार येथे रचलेल्या, ख्रिस्ती माणसाच्या अश्रूंविषयीच्या एका कांटाट्यात आहे. दोहोंत अर्धस्वरांनी खाली घसरणारी तीच चार मात्राखंडांची आधारपंक्ती अखंड आवर्तनाने येत राहते. कांटाट्यात तिची आवर्तने बारा आहेत. आयुष्याच्या अखेरच्या काळात मास सिद्ध करताना बाखने आधारपंक्तीतील दीर्घ स्वर फोडून त्यांना एकसारख्या ठोक्यांचे रूप दिले आणि शेवटी तेरावे आवर्तन जोडले. या तेराव्या आवर्तनात वरची वाद्ये गप्प होतात, आवाज एकेक पायरी खाली उतरतात, आणि बारा वेळा त्याच दुःखाकडे परतलेली पंक्ती अनपेक्षितपणे मेजर स्वरसंगतीत विसावते. शब्द येथे दफनाविषयी आहेत. पुढच्याच क्षणी तुताऱ्यांसह पुनरुत्थानाचा खंड उसळतो. ख्रिस्ताचा मृत्यू हा शेवट नव्हे, हे विधान स्वर करू शकत नाहीत. पण जे बारा वेळा अटळ वाटले होते ते तेराव्या वेळी अटळ राहिले नाही, हा अनुभव ते देऊ शकतात, आणि शब्दांना तो त्या बळाने देता येत नाही.

पॅशनमध्ये हीच प्रक्रिया कथनाच्या पातळीवर चालते. ‘मत्तयकृत पॅशन’मध्ये येशू जेव्हा जेव्हा बोलतो तेव्हा त्याच्या गद्यप्राय गायनाभोवती तंतुवाद्यांचे लांब स्वर तेजोवलयासारखे पसरतात, तर इतरांच्या बोलण्याला केवळ खर्जाची साथ असते. वधस्तंभावरून येशू आपल्या देवाने आपल्याला का टाकले असे विचारतो, त्या एका ठिकाणी हे स्वर नाहीसे होतात आणि तो इतर कोणत्याही माणसासारखा उघडा पडतो. पेत्राने येशूला तीनदा नाकारल्यानंतर येणारे क्षमायाचनेचे गीत तर आणखी सूचक आहे. पेत्राची भूमिका खर्जातील पुरुषी आवाजाला दिलेली असताना हे गीत आल्टो या वेगळ्याच आवाजाला दिले आहे, म्हणजे ते पेत्राचे नाही. रडणारा पेत्र कथेत मागे राहिला आणि त्याच्या जागी कोणी दुसरे उभे राहिले. एकटे व्हायोलिन आरंभी झेप घेऊन अलंकारांनी ओथंबलेली पंक्ती वाजवते. गायनस्वर तीच पंक्ती धरू पाहतो, पण ती त्याच्या तोंडी साधी, अलंकार गळालेली अशी उमटते. जी विनवणी वाद्याला पूर्णपणे साधते ती माणसाच्या वाणीला साधत नाही, हे अंतर पश्चात्तापाच्या कोणत्याही व्याख्येपेक्षा अधिक नेमके आहे.

या ठिकाणी भारतीय रसविचार आणि ल्यूथरपंथीय संगीत यांच्या वाटा फुटतात, आणि ते वेगळेपण बाखच्या धार्मिकतेचे स्वरूप स्पष्ट करते. भट्टनायकाने सांगितलेल्या साधारणीकरणाच्या प्रक्रियेत भाव हा माझा, शत्रूचा किंवा त्रयस्थाचा अशा संबंधांतून मुक्त होतो, आणि म्हणूनच शोकाचाही आस्वाद घेता येतो. बाखच्या पॅशनची मागणी याच्या उलट आहे. कथेतील भाव त्रयस्थाचा राहू नये, तो ‘माझा’ व्हावा, यासाठीच कथन थांबवून कोराल आणि एकल गीते मध्ये येतात. रसविचार श्रोत्याला मीपणातून सोडवतो. पॅशन त्याला प्रथम मीपणात अडकवते, अपराधी म्हणून उभे करते, आणि मग कृपेची वाट दाखवते.

११ मार्च १८२९ रोजी बर्लिनच्या झिंगआकाडेमी या संस्थेत वीस वर्षांच्या फेलिक्स मेंडेल्सोनने हे पॅशन पुन्हा उभे केले, तेव्हा मध्ये प्रवचन नव्हते, उत्तम शुक्रवार नव्हता आणि श्रोते तिकिटे काढून आलेले होते. चर्चमधून सभागृहात आलेली ही रचना विनियोगाकडून आस्वादाकडे, म्हणजे एका अर्थाने साधारणीकरणाकडे, सरकली. हान्स ब्लूमेनबर्ग या जर्मन तत्त्वज्ञाने १९८८ मध्ये आपल्या ग्रंथात हाच प्रश्न ऐरणीवर आणला : देवाच्या क्रोधावर आणि पापाच्या प्रायश्चित्तावर ज्याचा विश्वास उरलेला नाही, तो श्रोता हे पॅशन ऐकतो तेव्हा नेमके काय ऐकतो? त्याच्या कानी स्वर तेच पडतात आणि शब्दही कळतात; रचनेने देऊ केलेली जागा मात्र त्याला आपली वाटत नाही. पण ती जागा त्याला दिसते, आणि हेच महत्त्वाचे आहे. तो मी आहे काय, या प्रश्नाचे उत्तर नाकारण्यासाठीही तो प्रश्न आपल्याला विचारला गेला आहे हे उमगावे लागते.

अर्थनिर्णयनाची ही चर्चा निव्वळ पांडित्याची नाही, हे ‘योहानकृत पॅशन’विषयीच्या वादावरून दिसते. १७२४ मध्ये प्रथम सादर झालेल्या या रचनेत यहूदी जमावाचे समूहखंड अत्यंत आक्रमक आहेत आणि विसाव्या शतकाच्या इतिहासानंतर ते निर्विकारपणे ऐकणे कठीण झाले आहे. मायकेल मारिसेनने १९९८ मध्ये असे दाखवले की या रचनेतील कोराल आणि एकल गीते येशूच्या मृत्यूचा दोष यहूद्यांवर न ठेवता गाणाऱ्याच्या स्वतःच्या पापांवर ठेवतात. त्याच वेळी बाखच्या काळातील ल्यूथरपंथात यहूदीद्वेष होता आणि शुभवर्तमानाच्या पाठातील कठोरपणा तसाच आहे, हेही त्याने झाकले नाही. समूहखंडांतील हिंसक स्वराकृती सुट्या करून पाहिल्या, तर त्यांत क्रोधाचा अनुभाव तेवढा सापडतो. तो क्रोध कोणाचा आणि त्याचे उत्तर कोणी द्यायचे, हे शेजारच्या खंडांनी आणि श्रोत्याच्या जागेने ठरते. म्हणून जे सादरीकरण कोराल गाळते किंवा त्यांना शोभेचे ठरवते, ते रचनेचा अर्थच बदलते.

या सर्व विवेचनातून बाखच्या संगीताच्या अर्थनिर्णयनासाठी काही कसोट्या हाती येतात. जो अर्थ सावध श्रोत्याच्या कानापर्यंत पोहोचू शकत नाही, तो रचनाकाराचा खासगी खेळ असू शकेल, पण रचनेचा अर्थ म्हणून त्याला दुय्यम स्थान द्यावे लागेल. जो अर्थ एकच स्वराकृती दोन विरुद्ध शब्दांखाली कशी वावरते हे सांगू शकत नाही, तो अपुरा आहे. आणि जो अर्थ संगीत कोणाला उद्देशून आहे हे विचारात घेत नाही, तो बाखच्या बाबतीत तरी मुख्य गोष्ट गमावतो. या कसोट्यांवर स्पिट्टा, श्वाइट्झर, स्मेंड आणि हान्सलिक यांपैकी कोणीही सर्वस्वी बाद होत नाही, पण कोणाचाही सिद्धान्त एकटा पुरेसा ठरत नाही.

स्वर धार्मिक असू शकतात काय, या मूळ प्रश्नाचे उत्तर यातून मिळते. धर्मसिद्धान्त सिद्ध करणे किंवा सांगणे हे स्वरांचे सामर्थ्य नाही. परंतु भावाची देहमय आकृती समोर ठेवून, शब्दांनी तिला विषय देऊन आणि कथन थांबवून श्रोत्याकडे वळून, तो सिद्धान्त ज्या ठिकाणी माणसाच्या होकाराची किंवा नकाराची वाट पाहतो त्या ठिकाणी त्याला आणून उभे करणे हे बाखच्या संगीताला साधलेले आहे. श्रद्धावान आणि अश्रद्ध यांच्यातील भेद तेथे ऐकण्याचा उरत नाही, उत्तराचा उरतो. आणि उत्तर देणे हे संगीतशास्त्राचे काम नसले, तरी प्रश्न नेमका कोठे आणि कोणाला विचारला जात आहे हे दाखवून देणे हे त्याचेच काम आहे.